'अछूत कन्या'तलं लग्न तेव्हा कायदेशीर होतं का?

रेल्वे फाटकवाल्याची दलित मुलगी कस्तुरी, ब्राह्मण किराणा दुकानदाराचा मुलगा प्रताप. मालाडच्या 'बॉम्बे टॉकीज'च्या १९३६च्या 'अछूत कन्या'त देविका राणी आणि अशोककुमार यांचं हे प्रेम. दोघांची लग्नं मात्र आपापल्या जातीत होतात. शेवटी कस्तुरी रेल्वेखाली जीव गमावते.

तेव्हा कायदा काय होता?
१९२३च्या दुरुस्तीनंतर हिंदूंना असं लग्न विशेष विवाह कायद्याने नोंदवता येई. पण नवरा एकत्र कुटुंबातून आपोआप विभक्त ठरे.

बदललं कधी?
१९४९च्या कायद्याने हिंदूंमधील लग्नावरचा जातीचा अडसर काढला.

आज काय?
बुलडाण्यातही पात्र आंतरजातीय जोडप्याला ५० हजारांचं अर्थसाहाय्य मिळू शकतं. अर्ज जिल्हा परिषदेच्या समाजकल्याण विभागाकडे. कायदा बदलला, घरचा होकार अजून कठीणच.