चाक बसते, पण मानवते का?

मृग नक्षत्र तोंडावर आले की गोव्यातील टायरविक्रेत्यांच्या दारात मोटारींची रांग लागते. उन्हाळाभर गुळगुळीत टायरांवर निभावून नेलेल्या मालकाला वळिवाच्या पहिल्या सरीत गाडी घसरली म्हणजे जाग येते, आणि मग दोन दिवसांत चारही टायर बदलण्याची घाई उडते. नव्या गाडीच्या मालकाला यात फारसे डोके चालवावे लागत नाही. त्याच्या मापाचा टायर फळीवर हजर असतो. पंचाईत होते ती वीस-पंचवीस वर्षे वापरलेल्या सेडानच्या मालकाची. "तुमची साईज आता शिल्लक नाही. ही घाला, बसते," असे दुकानदार सांगतो आणि मालक मान डोलावतो. या ‘बसते’ शब्दानेच सारा घोटाळा केला आहे. रिमवर टायर चढला, हबवर रिम चढली, नट आवळले गेले, म्हणजे चाक बसले. त्या चाकांवर पाच माणसांचे कुटुंब घेऊन भर पावसात चोर्ल्याचा घाट उतरण्यास ती गाडी लायक झाली काय, हा प्रश्न निराळा. आणि नेमका तोच कोणी विचारीत नाही.

जुन्या मोटारीविषयी गोव्याला पहिल्यापासूनच ममत्व आहे. १९६१ पूर्वी परदेशातून येथे उतरलेल्या मोटारी मुक्तीनंतरही कितीतरी वर्षे आमच्या रस्त्यांवर धावत होत्या. त्यांच्यामागून ॲम्बॅसडर आणि फियाट आल्या. नव्वदीच्या दशकात एस्टीम, होंडा सिटी, ॲक्सेंट अशा गाड्यांनी मध्यमवर्गीयांचे अंगण गाठले. यांपैकी पुष्कळ गाड्या आजही घरात आहेत. त्या वडिलांनी घेतलेल्या असतात, इंजिन ठणठणीत असते, आणि पंधरा वर्षांनंतर तपासणी करून पाच-पाच वर्षांसाठी नोंदणी वाढवून घेण्याची सोय कायद्यातच आहे. अशी गाडी मोडीत काढा, असा सल्ला देणाऱ्यांची आज वाण नाही. आम्ही तो देणार नाही. मात्र जुनी गाडी राखायची तर तिचे पाय जाणून घेतले पाहिजेत. ज्या राज्यात उसगावसारख्या गावी टायरांचा मोठा कारखाना चालतो, तेथील सुशिक्षित माणसालाही आपल्या टायरवरच्या आकड्यांचा अर्थ ठाऊक नसावा, याचे नवल वाटते.

तो अर्थ मुळीच अवघड नाही. नव्वदीतील वर सांगितलेल्या सेडान गाड्यांच्या अनेक नमुन्यांवर ‘१७५/७० आर १३’ या मापाचे टायर होते. पैकी १७५ ही टायरची मिलिमीटरांतील रुंदी. ७० म्हणजे टायरच्या कडेची उंची त्या रुंदीच्या सत्तर टक्के, अर्थात साडेएकशे बावीस मिलिमीटर. ‘आर’ हे रेडियल बांधणीचे चिन्ह आणि १३ हा रिमचा इंचांतील व्यास. तेरा इंच म्हणजे ३३० मिलिमीटर. त्यात वरची आणि खालची अशा दोन्ही कडांची उंची मिळविली की चाकाचा पूर्ण व्यास येतो ५७५ मिलिमीटर. हा शेवटचा आकडा टायरवर कोठेही छापलेला नसतो, आणि सर्वांत महत्त्वाचा तोच. गाडीचे गिअर, वेगदर्शक काटा, ब्रेकची पकड, चाकावरच्या कमानीतील मोकळी जागा हे सारे निर्मात्याने त्याच व्यासाच्या हिशेबाने योजलेले असते.

आपल्याकडचा लोहार बैलगाडीच्या चाकाला धाव चढवी तेव्हा आधी चाकाचा घेर मोजून घेई, लोखंडी कडे त्याहून किंचित तोकडे ठेवी, ते लाल तापवून चाकावर चढवी आणि पाणी ओतून आवळी. मापात सूतभर चूक झाली तर धाव सैल राहून निसटे, नाही तर चाकच तडकण्याची भीती. ‘बसते’ एवढ्यावर त्याचे कधी भागले नाही.

आता दुकानातील पर्याय पाहू. तेरा इंची रिम टाकून कोणी चौदा इंची घेतली आणि तिच्यावर १८५/६० मापाचा टायर चढविला, तर एकूण व्यास ५७८ मिलिमीटर होतो. फरक अर्ध्या टक्क्याहूनही कमी. टायर दहा मिलिमीटर रुंद झाला, कड थोडी बुटकी झाली, खड्ड्याचा धक्का किंचित अधिक जाणवेल. पण बदल शास्त्राला धरून आहे. याउलट ‘गाडी भारदस्त दिसते’ म्हणून पंधरा इंची रिमवर १९५/६० चा टायर घातला की व्यास ६१५ पर्यंत जातो, म्हणजे सात टक्के वाढ. वेगदर्शक काटा ८० दाखवील तेव्हा गाडी प्रत्यक्षात ८५ च्या वर असेल. अनमोडच्या चढणीवर इंजिन धापा टाकील, ब्रेकला अधिक जोर लागेल, आणि मागच्या आसनावर तिघे बसले की टायर कमानीच्या पत्र्याला घासू लागेल. व्यासातील फरक दोन-तीन टक्क्यांच्या आत राहावा, हा जाणकारांचा दंडक आहे. दुकानात उभ्याउभ्या कागदाच्या कपट्यावर हा हिशेब करण्यास दोन मिनिटेही लागत नाहीत.

उलट दिशेची चूक याहून फसवी, कारण ती स्वस्तात पडते. छोट्या गाड्यांसाठी असलेला १६५/६५ आर १३ हा टायर त्याच तेरा इंची रिमवर सहज चढतो. व्यास मात्र ५४५ वर येतो, आणि गाडी पंधरा मिलिमीटरांनी जमिनीकडे झुकते. आमच्या गावांतील गतिरोधकांची उंची ज्यांना माहीत आहे त्यांना याचा अर्थ सांगायला नको. त्याहून गंभीर गोष्ट मापाच्या शेजारी बारीक आकड्यात लिहिलेली असते. मूळ टायरवर बहुधा ८२ हा भारांक असतो, म्हणजे एका टायरला ४७५ किलो वजन पेलते. या धाकट्या टायरवर ७७ लिहिलेले असते, म्हणजे ४१२ किलो. चारांची बेरीज करून कोणी म्हणेल की कागदावर तरीही भागते. पण वजन चारही चाकांवर सारखे कधीच वाटलेले नसते. चवथीच्या आदल्या दिवशी माटोळीचे सामान, नारळांचे पोते आणि घरातील सारी मंडळी घेऊन गाडी मूळ घराकडे निघते, उतारावर ब्रेक दाबला जातो, आणि त्या क्षणी अर्ध्याहून कितीतरी अधिक भार पुढच्या दोन टायरांवर येतो. भारांक मूळ आकड्याहून खाली जाऊ देऊ नये, हा नियम त्या क्षणासाठी आहे. शेजारच्या इंग्रजी अक्षराने वेगमर्यादा कळते. ‘एस’ म्हणजे ताशी १८०, ‘टी’ म्हणजे १९०. आपल्या रस्त्यांवर तिची चिंता करण्याचे कारण नाही.

टायरविषयी थोडीफार चौकशी तरी होते. रिमच्या बाबतीत अंधारच आहे. जुन्या बाजारातून अलॉयची रिम आणावी, चार भोके चार बोल्टांवर जुळली की आनंद मानावा, अशी रीत पडली आहे. होंडा सिटी आणि ॲक्सेंट या दोन्ही गाड्यांना चार बोल्ट आहेत, आणि ते बोल्ट ज्या वर्तुळावर बसविलेले आहेत त्याचा व्यास दोहोंतही १०० मिलिमीटर. म्हणून एकीची रिम दुसरीला चालेल, असे भल्याभल्यांना वाटते. पण रिमच्या मधले भोक सिटीचे ५६.१ मिलिमीटर आणि ॲक्सेंटचे ५४.१. ॲक्सेंटची रिम सिटीच्या हबवर शिरणारच नाही. ते एका अर्थी बरे, कारण चूक तेथेच कळते. सिटीची रिम मात्र ॲक्सेंटवर सुखाने चढते आणि मध्ये दोन मिलिमीटरांची पोकळी ठेवते. मग रिम हबवर टेकून केंद्रात राहण्याऐवजी चार नटांच्या आधारावर लोंबते, आणि ताशी ७०-८० च्या वेगाला सुकाणू थरथरू लागते. मालक बॅलन्सिंग करून घेतो, अलाइनमेंट करून घेतो, पैसे मोजतो. थरथर जात नाही. पोकळी भरून काढणारी योग्य मापाची कडी बाजारात मिळते, पण ती मागितली पाहिजे. आणि एवढ्यानेही संपत नाही. होंडाच्या मूळ रिमची नटासाठी असलेली बैठक गोलाकार, चेंडूच्या तळासारखी असते. इतर बहुतेकांची निमुळती, शंकूच्या आकाराची. निमुळता नट गोलाकार बैठकीत आवळला तर तो घट्ट लागल्यासारखा वाटतो खरा, परंतु धातूला धातू केवळ एका रेषेवर टेकलेला असतो. असा नट हादऱ्यांनी हळूहळू सैल होतो. चाक निखळल्याच्या वार्ता वाचून आपण रस्त्यांना आणि दैवाला दोष देतो. नटाची बैठक कोणी पाहत नाही.

तिसरी गोष्ट ऑफसेटची. रिम हबला जेथे टेकते ती पाठ रिमच्या मध्यापासून किती आत वा बाहेर आहे, त्याचे हे माप. ते रिमवरच कोरलेले असते. ते फार कमी असेल तर चाक कमानीच्या बाहेर डोकावते. तरुणांना ते रुबाबदार वाटते. पण त्यामुळे बेअरिंगवर नको तो ताण येतो, आणि एक बाजूचे चाक डबक्यात शिरले की सुकाणू हातातून हिसकावल्यासारखे वळते. गोव्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरांच्या आसपास पाऊस पडतो, हे ध्यानात घेतले म्हणजे या रुबाबाची किंमत कळेल. प्रमाणाबाहेर रुंद टायरचेही तसेच. साचलेल्या पाण्यावर तो अरुंद टायरपेक्षा लवकर तरंगू लागतो. हलक्या जुन्या गाडीखाली तर अधिकच.

ॲम्बॅसडर आणि फियाट पद्मिनी यांची कथा थोडी वेगळी आहे. ॲम्बॅसडरचे उत्पादन २०१४ मध्ये थांबले, पद्मिनीचे त्याआधीच. त्यांचे मूळ टायर क्रॉसप्लाय बांधणीचे, आत ट्यूब असलेले. माप इंचांत, ॲम्बॅसडरचे ५.९०-१५ आणि फियाटचे ५.२०-१४. रेडियलमध्ये यांना जवळचे माप अनुक्रमे १६५ आर १५ आणि १४५ आर १४. येथे मधला टक्केवारीचा आकडाच नाही. तो नसला की कडेची उंची रुंदीच्या सुमारे ८२ टक्के धरावी, असा संकेत आहे. हे न जाणता ‘१६५ आणि १५ जुळले ना’ म्हणून कोणी १६५/६५ चा टायर घातला तर ॲम्बॅसडर २८ मिलिमीटरांनी खाली बसते. जुन्या रिमच्या आतल्या कंगोऱ्याला ट्यूबलेस टायरची कड धरून ठेवणारा उंचवटा बहुधा नसतो. म्हणून ट्यूबलेस टायर विकत घेतला तरी त्यात रेडियलसाठीची ट्यूब घातल्यावाचून तो चालवू नये. एकाच आसावर एक क्रॉसप्लाय आणि एक रेडियल तर कदापि नको. दोनच रेडियल घ्यायचे असतील तर ते मागे बसवावेत. पुढच्या चाकांनी ओढल्या जाणाऱ्या अलीकडच्या गाड्यांतही नवी जोडी मागेच हवी, हे अनेकांना पटत नाही. पण ओल्या वळणावर मागचा भाग घसरला की सामान्य चालकाला गाडी सावरता येत नाही, हे त्याचे कारण.

जुन्या मापाचा टायर शोधताना आणखी एक सापळा असतो. तो मिळतो, पण कोठारात पडून म्हातारा झालेला. टायरच्या कडेवर चार आकड्यांचा शिक्का असतो. ‘२३१९’ याचा अर्थ २०१९ सालचा तेविसावा आठवडा. ‘नवाकोरा आहे’ हे विक्रेत्याचे म्हणणे खरे असू शकते आणि टायर तरीही सहा वर्षांचा असू शकतो. रबर न वापरताही कडक होते. आयएसआयची खूण आणि हा शिक्का पाहिल्यावाचून पैसे देऊ नयेत. किनारपट्टीवर रिमही तपासली पाहिजे. खाऱ्या वाऱ्याने लोखंडी रिमच्या कडेला गंज धरतो, तेथून हवा झिरपते, आणि दोष टायरला दिला जातो. अशी रिम घासून, रंगवून मगच नवा टायर चढवावा; वाकलेली वा तडा गेलेली रिम ठोकून सरळ करून घेण्याचा मोह आवरावा.

कायद्याचे म्हणाल तर तो मुका नाही. टायरची नक्षी १.६ मिलिमीटरांहून कमी खोल असू नये, असा केंद्रीय नियम आहे. आमच्या पावसात तीन मिलिमीटर उरली असतानाच टायर बदलणे शहाणपणाचे. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याचे ५२ वे कलम निर्मात्याच्या मूळ तपशिलाशी विसंगत फेरफारांना मनाई करते, आणि २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केले. नव्या परवान्याची वा नव्या दंडाची मागणी आम्ही करीत नाही. त्यांची आपल्याकडे चंगळच आहे. परंतु टायरच्या बिलावर माप, भारांक आणि निर्मितीचा आठवडा लिहून देणे विक्रेत्यांवर बंधनकारक करण्यास सरकारला फारसे कष्ट पडणार नाहीत. पंधरा वर्षांनंतरच्या तपासणीत दिवे आणि भोंग्याबरोबर रिम, नट आणि टायरचे वयही पाहिले जावे. नव्या सेडान गाड्या चौदा ते सोळा इंची चाकांवर आल्या आहेत, हे टायर कंपन्यांना पक्के ठाऊक आहे. तेरा इंची चाकांच्या गाड्या अजून रस्त्यावर आहेत, याचीही आठवण त्यांना विक्रेत्यांनी करून द्यावी.

मालकाने स्वतः करावयाचे काम थोडे आहे. चालकाच्या बाजूच्या दाराच्या खांबावर किंवा गाडीबरोबर आलेल्या पुस्तिकेत मूळ माप आणि हवेचा दाब दिलेला असतो. तो कागदावर उतरवून दुकानात न्यावा. डिकीतले पाचवे चाकही त्याच व्यासाचे आहे ना, हे पाहावे, कारण भलत्या मापाचे जादा चाक नेमके रात्रीच्या पावसात उपयोगी पडण्याची वेळ येते. नट हवेच्या बंदुकीने ठोकून बसवू देऊ नयेत. आधी हाताने समोरासमोरचे, मग पान्याने मोजून आवळावेत. सिटीसारख्या गाडीला सुमारे ११ किलोग्रॅम-मीटर जोर पुरतो. त्याहून अधिक आवळल्यास ब्रेकची तबकडी वाकडी होते. आणि चाके बदलल्यावर शंभरेक किलोमीटर गाडी चालली की चारही चाकांचे नट पुन्हा एकदा तपासून घ्यावेत.