प्रवेश अर्जातील चूक आणि कायद्याचा आधार

बारावीचा निकाल लागला की प्रवेशाचे अर्ज भरण्याची एकच घाई उडते. आपल्या पुष्कळ घरांत महाविद्यालयात जाणारी ही पहिलीच पिढी असल्याने अर्ज सायबर कॅफेत, दुसऱ्याच्या हातून भरला जातो. त्यात प्रवर्गाचा रकाना चुकतो, दाखला जोडायचा राहतो, शुल्क वेळेत जमा होत नाही. "आता काही होणार नाही," असे खिडकीवर सांगितले जाते आणि पालक निमूटपणे परततात. वास्तविक कायदा इतका आंधळा नाही.

ठरलेल्या तारखेला पात्रताच नसणे ही एक गोष्ट. पात्रता असून तिचा पुरावा चुकीचा किंवा उशिरा जोडला जाणे ही दुसरी. ओरिसातील एका माजी सैनिकाच्या मुलीला जिल्हा सैनिक मंडळाने चुकीचे प्रमाणपत्र दिले, त्यामुळे तिचा वैद्यकीय प्रवेश अडला. २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने तिच्या बाजूने निकाल देताना स्पष्ट केले की, पुरावा सादर करणे ही कार्यपद्धतीची बाब आहे, तेथे ताठरपणा नको.

आपल्याकडील एक नेहमीचा घोळ येथेच सांगितला पाहिजे. धर्माच्या रकान्यात 'बौद्ध' लिहिल्याने अनुसूचित जातीचा हक्क जात नाही. १९९० च्या दुरुस्तीने १९५० च्या आदेशात बौद्धांचा समावेश झाला आहे. मात्र जातीच्या रकान्यात दाखल्यावर असेल तेच नाव लिहावे.

चूक लक्षात येताच पहिला उपाय म्हणजे दुरुस्तीची मुदत. तात्पुरती गुणवत्ता यादी लागल्यावर हरकतींसाठी दोन-चार दिवस मिळतात. हरकत लेखीच द्यावी व पोच घ्यावी. तोंडी विनंतीला न्यायालयात किंमत नाही. तेथे दाद न मिळाल्यास राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते.

२०२४ साली उत्तर प्रदेशातील एका मजुराच्या दलित मुलाला धनबादच्या आयआयटीत जागा मिळाली. १७,५०० रुपये जमवता जमवता २४ जूनची सायंकाळी पाचची वेळ टळली. अनुसूचित जाती आयोग, झारखंडचे विधी सेवा प्राधिकरण, मद्रास उच्च न्यायालय अशी त्याची फरफट झाली. अखेर ३० सप्टेंबरला सर्वोच्च न्यायालयाने अनुच्छेद १४२ खाली त्याला प्रवेश देण्याचा आदेश दिला. इतर कोणाची जागा न काढता जादा जागा निर्माण करण्यास सांगितले. त्याआधी २०२० मध्ये, संगणकावर चुकीची कळ दाबून मुंबई आयआयटीतील जागा गमावलेल्या विद्यार्थ्यालाही त्याच न्यायालयाने तात्पुरता प्रवेश देवविला होता.

तथापि अनुच्छेद १४२ चा आदेश त्या-त्या प्रकरणापुरता असतो. तो दाखवून उच्च न्यायालयात हमखास यश मिळेल असे समजू नये. मुंबई आयआयटीच्या त्या विद्यार्थ्याला उच्च न्यायालयाने नकारच दिला होता. एमबीबीएस प्रवेशाबाबत २०१९ च्या निकालात तीन न्यायमूर्तींनी विद्यार्थ्याची चूक नसणे आणि त्याने विनाविलंब न्यायालयात येणे या दोन्ही गोष्टींना महत्त्व दिले. महिनाभर मंत्र्यांच्या बंगल्यावर खेटे घालून मग वकील शोधणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावे.

वकिलाच्या खर्चाची धास्तीही अनाठायी आहे. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीस, तसेच कोणत्याही स्त्रीस, उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो. याचिकेसाठी उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करावा. सोबत भरलेल्या अर्जाची प्रत, शुल्काची पावती, जातीचा दाखला आणि हरकतीची पोच न्यावी.