पिल्झेनची बिअर आणि सबुरीचे शास्त्र

कामगार चळवळीत उभे आयुष्य घालवलेला माणूस वसंत व्याख्यानमालेत बिअरवर बोलणार, हे वाचून कित्येकांच्या भुवया वर गेल्या असतील. मी स्वतः पीत नाही. दारूपायी मोडलेली घरे मी इतकी पाहिली आहेत की तिची भलावण माझ्या तोंडून होणे नाही. पण या विषयाकडे मला एका कामगारानेच वळवले.

काही वर्षांपूर्वी एका बिअरच्या कारखान्यात आम्ही वाटाघाटीला बसलो होतो. चहाची पंधरा मिनिटांची सुट्टी कमी करावी, असा व्यवस्थापनाचा आग्रह होता. ‘हा रिकामा वेळ आहे,’ असे त्यांचे म्हणणे. तेव्हा टाक्यांवर काम करणारे एक जुने कामगार म्हणाले, ‘साहेब, टाकीत बिअर आठवडेच्या आठवडे नुसती पडून असते. तो वेळ रिकामा म्हणाल काय?’ साहेब हसले. मला मात्र त्या प्रश्नाचे उत्तर ठाऊक नव्हते. माझी शाळा सातवीतच सुटली. तेव्हापासून प्रश्न अडला की पुस्तक शोधायचे, ही माझी सवय. त्या शोधात मी बोहेमियातील पिल्झेन गावापर्यंत गेलो, अर्थात पुस्तकांतूनच.

या गावात बिअर गाळण्याचा हक्क नागरिकांच्या घरांकडे पिढ्यान्‌पिढ्या होता. पण माल बेभरवशाचा निघे. १८३८ साली तर आंबट झालेली ३६ पिंपे नगरभवनासमोर ओतून द्यावी लागली. मग हक्कदार नागरिकांनी एकत्र येऊन सामाईक कारखाना उभारला आणि बव्हेरियातून जोसेफ ग्रोल नावाचा तरुण कारागीर आणला. ५ ऑक्टोबर १८४२ रोजी त्याने पहिला घाणा घातला. निघाली ती सोनेरी, स्वच्छ बिअर. आज जगभर ‘पिल्सनर’ म्हणतात ती हीच.

हिच्यात चारच जिनसा : जवाचे फिकट माल्ट, म्हणजे मोड आणून वाळवलेले धान्य, झाटेच भागातील हॉप्सची कडवट, सुगंधी फुले, क्षार फार कमी असलेले मऊ पाणी, आणि यीस्ट. पाणी मऊ असल्यामुळे हॉप्सचा कडवटपणा जिभेला बोचत नाही.

चेक प्रजासत्ताकात हौशी माणसे हीच बिअर घरी करतात. वीस लिटरच्या घाण्याला साधारण चार-पाच किलो माल्ट भरडून कोमट पाण्यात कालवतात. त्यातला तिसरा हिस्सा वेगळा काढून उकळतात व परत ओतून सगळ्याची उष्णता वाढवतात. या उष्णतेत धान्यातील पिठाची साखर होते. मग चोथा गाळून, तो गोड काढा हॉप्स घालून तास-दीड तास उकळतात, लगेच ८–१० अंश सेल्सिअसपर्यंत थंड करतात, आणि भरपूर यीस्ट सोडतात. येथून पुढे लागणारे प्रत्येक भांडे निर्जंतुक हवे. पिंपाच्या तोंडाला पाण्याने भरलेली वाकडी नळी बसवतात. आतला वायू बाहेर पडतो, बाहेरची हवा आत शिरत नाही.

आपल्या भगिनींना ठाऊकच आहे, इडलीचे पीठ थंडीत लवकर फुगत नाही. साधे यीस्ट इतक्या गारठ्यात आळसावते. लागरचे यीस्ट मात्र संकरित आहे. त्याचा एक पूर्वज पाव फुगवणारा, तर दुसरा थंडी सोसणारा रानटी. हा दुसरा पूर्वज २०११ साली शास्त्रज्ञांनी पॅटागोनियाच्या जंगलात ओळखला. थंडीत हे यीस्ट सावकाश काम करते, आणि म्हणून बिअरला फळांसारखे उग्र वास येत नाहीत.

दहा-चौदा दिवसांत बुडबुडे मंदावतात. उतावळा माणूस म्हणेल, झाले काम! येथेच तो फसतो. साखर खाताना यीस्टने एक पदार्थ बाहेर टाकलेला असतो; त्याचे पुढे डायअॅसिटिल होते. त्याला लोण्यासारखा वास येतो. तो काढायला कोणतेही यंत्र घरी नसते. तो यीस्टच परत आत घेते आणि निरुपद्रवी करून टाकते. फक्त त्याला सवड हवी. म्हणून शेवटी दोन-तीन दिवस पिंप १५ अंशांच्या आसपास ठेवतात. घाण निघाली की नाही, हे पाहण्याची युक्तीही सोपी आहे. थोडा नमुना झाकून वीस मिनिटे कडक गरम पाण्यात ठेवावा, मग गार करून हुंगावा. लोण्याचा वास आला, तर अजून थांबावे.

त्यानंतर पाच-सहा आठवडे शून्य ते दोन अंशांवर साठवण. जर्मन भाषेत साठवण्याला ‘लागर्न’ म्हणतात. त्यावरूनच लागर हे नाव. या काळात गाळ तळाशी बसतो, चव गोल होते. पिल्झेनकरांनी या थंडीसाठी जमिनीखाली मैलोगणती तळघरे खोदली.

एक खुलासा केलाच पाहिजे. आपल्या राज्यात परवान्याशिवाय घरी बिअर करणे १९४९ च्या दारूबंदी कायद्याने गुन्हा आहे. तेव्हा ज्ञान घरी न्यावे, पिंप मांडू नये.

त्या जुन्या कामगाराच्या प्रश्नाचे उत्तर मला असे मिळाले. टाकी वरून स्तब्ध दिसते, पण आत यीस्ट आपणच केलेली घाण निस्तरत असते. ते दिवस कापले, तर माल बिघडतो. माणसाचेही तसेच आहे. थकलेल्या हाताची चूक निस्तरायला पुन्हा माणूसच लागतो, आणि कधी कधी तो हातच शिल्लक राहत नाही.

वाटाघाटीत आम्ही जिंकलो नाही. पंधरा मिनिटांची दहा झाली. टाकीतल्या बिअरचा मात्र एक दिवसही कोणी कमी केला नाही. तिची किंमत त्यांना ठाऊक होती.