हरभरे का शिजत नाहीत?

साताऱ्याकडील माण किंवा सांगलीकडील जत भागात काही विहिरींच्या पाण्यात साबणाला फेस येत नाही आणि हरभरेही लवकर शिजत नाहीत. कारण एकच! खडकांतून झिरपताना पाण्यात कॅल्शियम व मॅग्नेशियमचे क्षार विरघळतात. हरभऱ्याच्या पेशी पेक्टिनने एकमेकींना चिकटलेल्या असतात. कॅल्शियम हे पेक्टिन अधिक घट्ट बांधतो.

आंबटपणामुळेही पेक्टिन लवकर विरघळत नाही. म्हणून उसळीत आमसूल हरभरे शिजल्यावरच घालावे. ग्रीसच्या सिफनोस बेटावर हरभरे, कांदा व ऑलिव्ह तेल मातीच्या भांड्यात घालून शनिवारी रात्रभर भट्टीत ठेवतात. लिंबू पिळतात ते रविवारी, वाढताना!

चिमूटभर सोड्याने हरभरे झटपट मऊ होतात. पण ब-१ जीवनसत्त्व नष्ट होते. मग जळण वाचवावे की जीवनसत्त्व? दोन्ही वाचवता येतील. करून पाहा: विहिरीचेच पाणी दोन भांड्यांत घ्या. एकात लिटरला दोन चमचे मीठ विरघळवा. दोन्हींत मूठभर हरभरे रात्रभर भिजवा. सकाळी पाणी ओतून टाका, हरभरे धुऊन त्याच विहिरीच्या ताज्या पाण्यात वेगवेगळे, सारख्याच आचेवर शिजवा. दर दहा मिनिटांनी एकेक दाणा काढून, निववून चिमटीत दाबा. मिठातील सोडियमने कॅल्शियमची जागा घेतली असेल, तर कोणता दाणा आधी चिरडेल?