चतुःसीमा बॅटरीच्या

पुण्यात कोथरूडमध्ये पेटंट-शोधाचं काम करणाऱ्या एका बाईंशेजारी बसून मी त्यांचं काम पाहिलं. सोडियम-आयन सेलसाठी शेतातल्या कचऱ्यापासून हार्ड कार्बन बनवू पाहणाऱ्या काही तरुणांचा प्रश्न त्यांच्यापुढे होता: हे आधी कुणी केलंय का?

त्यांनी ‘सोडियम बॅटरी’ असं टाइप केलंच नाही. पेटंटची शीर्षकं बरेचदा मोघम असतात. ‘ऊर्जा साठवणारे उपकरण’ एवढंच. म्हणून शोध वर्गीकरणाच्या क्रमांकांनी सुरू होतो. एच०१एम म्हणजे बॅटऱ्या. त्यात १०/०५४ मध्ये लिथियम सोडून इतर धातूंचे सेल, ४/५८७ मध्ये धातूचे आयन सामावून घेणारा कार्बन. यादी उघडली, तर चिनी अर्जांची रांग. यंत्राने केलेलं भाषांतर अडखळलं की बाई थेट तक्त्यांकडे वळत. भट्टीचं तापमान, कार्बनच्या थरांमधलं अंतर, क्षमता हे आकडे कुठल्याही भाषेत तेच राहतात. ग्रॅफाइटमध्ये हे अंतर ०.३३५ नॅनोमीटर असतं आणि त्यात सोडियम नीट शिरत नाही. हार्ड कार्बनमध्ये ते जास्त असतं, म्हणून सगळी झुंबड तिथे.

मग पहिला क्लेम, म्हणजे पेटंटच्या हक्काची हद्द आखणारं वाक्य. सातबाऱ्यावर नाव असलं तरी भांडण चतुःसीमेवरून होतं, तसं इथे. तापमान ‘१२०० ते १४०० अंश’ लिहिलंय की नुसतं ‘१००० अंशांहून अधिक’, यावर तरुणांची वाट मोकळी की बंद हे ठरतं. बाई ते वाक्य पेन्सिलीने तोडून तोडून वाचतात. दिवसभरात मोजकेच क्लेम होतात आणि ते योग्यच आहे.

जगभरातल्या अशा पेटंट-अर्जांचा ओघ प्रचंड आहे. युरोपीय पेटंट कार्यालय आणि आंतरराष्ट्रीय ऊर्जा संस्था यांच्या २०२० च्या अहवालानुसार वीज साठवणुकीतले शोध २००५ ते २०१८ दरम्यान वर्षाला सरासरी १४ टक्क्यांनी वाढले. पहिल्या दहा अर्जदारांत नऊ आशियाई. सॅमसंग, पॅनासॉनिक, एलजी सर्वांत पुढे आणि बॉश हा एकमेव अपवाद. त्या दहांत भारतीय नाव नाही, याचं मला दुःख आहे. पण सोडियममध्ये पुणं उभं आहे. केपीआयटी या कंपनीने डिसेंबर २०२३ मध्ये जाहीर केलेलं सोडियम-आयन तंत्रज्ञान पुण्याच्या आयसर या विज्ञान संस्थेबरोबर विकसित झालं.

एक गोष्ट तरुणांना ठाऊक नव्हती. पेटंटचा हक्क देशापुरता असतो. चीनमधल्या अर्जदाराने भारतात अर्जच केला नसेल, तर ती कृती इथे वापरायला मोकळी; फक्त तिच्यावर नवं पेटंट मिळणार नाही, आणि तो माल चीनमध्ये विकायला गेलं तर अडेल. मात्र आंतरराष्ट्रीय अर्ज भारतात आणायला ३१ महिन्यांची मुदत असते, त्यामुळे आज इथे न दिसणारा अर्ज उद्या येऊ शकतो. शिवाय अर्ज साधारण १८ महिने गुप्तच राहतो. म्हणून हा शोध एकदा करून भागत नाही, तो पुन्हा पुन्हा करावा लागतो.

आपल्याकडे मात्र प्रयोग आधी होतो आणि शोध अर्ज भरायच्या आदल्या आठवड्यात. हा क्रम उलटा व्हायला हवा. पुण्यातल्या विद्यार्थ्यांनो, प्रकल्पाचा विषय ठरवण्याआधी एस्पेसनेट आणि पेटंटस्कोप ही पेटंट-शोधाची संकेतस्थळं उघडा, भारतीय अर्जांसाठी इनपास पाहा. तिन्ही मोफत आहेत.