एका हिवाळ्याची सहा साले

जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या विज्ञानकथेत विश्वासरावांना लागायची गोळी त्यांच्या कानाजवळून निघून जाते आणि इतिहासाला दुसराच फाटा फुटतो. काळ असा डळमळायला कथेतल्या प्राध्यापकाला आधी अपघात व्हावा लागतो. सातारा-सांगलीच्या जुन्या दप्तरांत तेवढ्याचीही गरज नाही. तिथे एकच हिवाळा सहा वेगवेगळ्या सालांत नांदतो.

पानिपतचीच लढाई घ्या. इंग्रजी हिशेबाने ती १४ जानेवारी १७६१ ला झाली. पंचांगात शके १६८२, पौष शुद्ध अष्टमी. साताऱ्याच्या गादीच्या राज्याभिषेक शकाप्रमाणे साल ८७. हिजरी ११७४, फसली ११७० आणि कारकुनांच्या लाडक्या सुहूर सनाप्रमाणे ११६१. वार तेवढा सगळ्यांचा एकच, बुधवार.

या लढाईभोवतीचा पहिला गैरसमज तारखेतूनच जन्मला. १४ जानेवारी म्हटले की आपल्याला तिळगूळ आठवतो, म्हणून मराठ्यांवर ‘संक्रांतीच्याच दिवशी संक्रांत कोसळली’ असे भाषणांत सर्रास सांगतात. वाक्य झकास आहे, पण खरे नाही. संक्रांत १४ जानेवारीला बांधलेली नाही. पंचांगाचे सौरवर्ष इंग्रजी वर्षापेक्षा काही मिनिटांनी मोठे असल्याने ती दर साठ-सत्तर वर्षांनी साधारण एक दिवस पुढे सरकते. हल्ली ती बऱ्याचदा १५ ला येते. स्वामी विवेकानंदांचा जन्म १८६३ च्या संक्रांतीचा, आणि ती तारीख होती १२ जानेवारी. त्याहून शंभर वर्षे मागे गेले की १७६१ ची संक्रांत लढाईच्या तीन-चार दिवस आधीच होऊन गेलेली दिसते.

दुसरा गैरसमज सुहूर सनाचा. ‘सु॥ इहिदे सितैन मया व अलफ’ असे पत्राच्या कडेला दिसले की नवखा वाचक ते हिजरी साल समजतो. शब्द अरबीच आहेत. इहिदे म्हणजे एक, सितैन साठ, मया शंभर, अलफ हजार. एकक आधी आणि हजार शेवटी, अशी उलटी चढण. ते जोडले की ११६१ होतात. पण हे साल चालते सूर्याच्या गतीने. सूर्य मृग नक्षत्रात गेला की ते बदलते, म्हणून त्याला मृगसाल असेही म्हणत. त्यात ५९९ मिळवले की इसवी सन मिळतो, जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंत ६००.

हा खटाटोप महसुलासाठी होता. चांद्रवर्ष सौरवर्षाहून सुमारे अकरा दिवसांनी लहान, त्यामुळे निव्वळ हिजरीने चालले तर वसुलीचा महिना दरसाल मागे सरकत सरकत पेरणीच्या आधी येऊन बसतो. कृष्णाकाठची ज्वारी काही त्याच्याबरोबर सरकत नाही.

खरी मेख पुढेच आहे. साल सौर, पण त्याच ओळीतले दिवस आणि महिना मात्र हिजरी! ‘छ’ म्हणजे चंद्र. त्यापुढे तारीख आणि जमादिलाखर किंवा रमजान. म्हणजे अर्धी तारीख सूर्याची आणि अर्धी चंद्राची. या मिश्रणामुळे सुहूर वर्षाच्या पहिल्या दहा-अकरा दिवसांतली ‘छ’ त्याच वर्षाच्या अखेरीला पुन्हा उगवते. अशी दोन पत्रे शेजारी ठेवली तर एकाच दिवशी लिहिलेली वाटतात, प्रत्यक्षात त्यांच्यात जवळजवळ वर्षाचे अंतर असते. मिरजेच्या शाळेत शिकवता शिकवता पटवर्धनांच्या दप्तरातून ‘ऐतिहासिक लेखसंग्रहा’चे खंड काढणाऱ्या वासुदेवशास्त्री खऱ्यांना असल्या पत्रांचे ढीग लावायचे होते. अशा वेळी कागदावरच्या तारखेइतकाच मजकूरही उपयोगी पडतो: फौज कुठे आहे, नदीला पूर आहे की उतार.

शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाबद्दल तर दरवर्षी वाद रंगतो. ६ जून खरा की ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी? एक खरे म्हणजे दुसरे खोटे, असे गृहीत धरूनच लोक भांडतात. दोन्ही एकाच दिवसाची नावे आहेत. मात्र ती ६ जून १६७४ ही तारीख जुन्या ज्युलियन पद्धतीची आहे. इंग्रजांनी १७५२ पर्यंत तीच पद्धत धरून ठेवली होती, म्हणून रायगडावर हजर असलेल्या इंग्रज वकील हेन्री ऑक्झिंडेनच्या दृष्टीने तो ६ जून होता. पोर्तुगीजांनी नवे कॅलेंडर केव्हाच स्वीकारले होते. गोव्यात त्या दिवशी १६ जून होता. मुंबईच्या इंग्रजांनी खाडी ओलांडून पोर्तुगीजांच्या वसईत पाऊल टाकले की ते दहा दिवस पुढे जात. आजच्या कॅलेंडरच्या चौकटीत बसवायचे तर १६ जूनच म्हणावे लागेल, पण ६ जून आता इतका रुळला आहे की तो हलवायला कोणी धजावेल असे वाटत नाही.

वर्षांचे झाले, तासांचेही तसेच. घड्याळातली वेळ म्हणजे निसर्गाची वेळ, हाही समजच. भारतीय प्रमाणवेळ १९०६ पासूनची. तिच्या हिशेबाने साताऱ्यात सूर्य सरासरी १२ वाजून ३४ मिनिटांनी माथ्यावर येतो, सांगलीत त्याआधी दोन-सव्वादोन मिनिटे. १९०६ पूर्वी रेल्वे मद्रास टाइमवर धावे, म्हणजे साताऱ्याच्या सूर्यापेक्षा पंचवीस मिनिटे पुढे. मुंबईचा बॉम्बे टाइम आणखी निराळा. नव्या वेळेविरुद्ध मुंबईत गिरणी कामगारांनी दंगा केला आणि तिथल्या महापालिकेने तर स्वातंत्र्यानंतरही काही वर्षे जुनी वेळ सोडली नाही.

दुसऱ्या महायुद्धात सरकारने सप्टेंबर १९४२ पासून प्रमाणवेळच तासभर पुढे ढकलली, ती ऑक्टोबर १९४५ पर्यंत. सातारा जिल्ह्यात इंग्रज सरकारविरुद्ध प्रतिसरकार उभे राहिले ते याच उसन्या तासात. ७ जून १९४३ ला त्याच्या तुफान सेनेने शेणोलीजवळ रेल्वेची पगाराची गाडी लुटली. त्या दिवशी सूर्य डोक्यावर आला तेव्हा सरकारी घड्याळात दीड वाजून गेला होता. आणि दिवस मृगाच्या तोंडाचा. जुने दप्तर चालू असते तर कारकुनाने त्याच सुमारास कागदाच्या कडेला सुहूर १३४४ घातले असते.