वर्ग जन्माने ठरतो तेव्हा

मार्क्सच्या मते माणसाचा वर्ग उत्पादनसाधनांशी असलेल्या त्याच्या संबंधावरून ठरतो. संबंध बदलला की वर्ग बदलतो. माओने १९२७ च्या हुनान अहवालात गरीब शेतकऱ्याला क्रांतीच्या अग्रभागी आणले. १९५० च्या जमीनसुधारणा कायद्याने जमीनदारांच्या जमिनी भूमिहीनांना मिळाल्या. हे काम मोठेच होते.

पण त्याच वेळी घराघरावर ‘जमीनदार’, ‘श्रीमंत शेतकरी’, ‘गरीब शेतकरी’ असे शिक्के बसले. जमीन गेली, शिक्का राहिला आणि बापाकडून मुलाकडे येऊ लागला. शिक्षण, नोकरी, लग्न त्यावर अडू लागले. यू लुओके या तरुण कामगाराने याविरुद्ध लिहिलेला लेख जानेवारी १९६७ मध्ये बीजिंगमध्ये छापला गेला. १९७० साली त्याला मृत्युदंड दिला गेला. पक्षाने हे शिक्के पुसायला घेतले ते १९७९ साली.

तिथला शिक्का कालच्या मालकांच्या मुलांवर होता, आपल्याकडचा शोषितांवर आहे. हा फरक विसरता कामा नये. तरीही घरातला पहिला पदवीधर म्हणून मी विद्यार्थ्यांना एवढे सांगतो : मालकी मोडली म्हणजे जन्माचा हिशेब आपोआप मिटत नाही. त्याच्याशी वेगळे लढावे लागते.